‘येते’ म्हणजे कोण येते

आमच्या घरात एकूण चार आरोपी होते. पहिला माझा धाकटा भाऊ, दुसरी आई, तिसरे बाबा आणि चौथी मी. फिर्यादी म्हणजे भावाची बायको. बाबांना दोन्ही कानांनी ऐकू येत नाही, हे धाड गावच्या बाजारात आमच्याकडून भाजी घेणाऱ्या कुणालाही माहीत आहे, तरी मुलाला चिथावल्याचा आरोप त्यांच्यावर होता. आपण आरोपी आहोत हे त्यांना शेवटपर्यंत नीट कळलंच नाही. कोर्टाची तारीख म्हणजे कुणाचा तरी साखरपुडा असणार, असं धरून ते धुतलेलं धोतर नेसून सगळ्यांच्या आधी ओट्यावर तयार बसत.

माझी गोष्ट वेगळी. मी लग्न होऊन मेहकरला आले त्याला आता एक पिढी होत आली. जिल्हा परिषदेच्या शाळेत मराठी शिकवते. माहेर धाडजवळच्या खेड्यात. तिथे भाऊ कोबी, वांगी, मिरची लावतो आणि आई-बाबा त्याच्याजवळ असतात. मी दिवाळीला जाते, आखाजीला म्हणजे अक्षय तृतीयेला जाते आणि आईच्या गुडघ्यांनी उचल खाल्ली तर मध्ये एखाद्या वेळी. एवढ्यावर मला चारशे अठ्ठ्याण्णव लागली. बायकोचा छळ केला की नवऱ्याला आणि त्याच्या घरच्यांना लागतं ते हे कलम. आमच्याकडे कलम वगैरे कुणी म्हणत नाही, नुसता आकडा सांगतात आणि ऐकणारा मान हलवतो.

भांडण खरं होतं, हे आधीच सांगून टाकते. माझा भाऊ तिरसट आहे. संध्याकाळी शेतातून आला की भाकरी जाड आहे, भाजीत मीठ कमी आहे, पाणी कोमट आहे, असा त्याचा पाढा सुरू होई. एकदा त्याने ताट भिरकावलं आणि तिच्या वडिलांबद्दल नको ते बोलला. ती पिशवी भरून निघाली ती थेट पिंपळगाव राजाच्या पलीकडे, माहेरी. ताट फेकणाऱ्या माणसाची बाजू मी घेत नाही, मग तो भाऊ का असेना. मला कळलं तेव्हा मी त्याला फोनवर जे बोलले त्याहून सौम्य शब्दांसाठी मी पोरांना वर्गाबाहेर उभं केलं आहे. तिने पोलिसांत तक्रार केली यातही मला काही गैर वाटलं नाही. गैर वाटलं ते ती तक्रार वाचल्यावर.

‘सदर नणंद ही रोज संध्याकाळी घरी येते, जेवणास नावे ठेवते, टोमणे मारते व शिवीगाळ करते.’

रोज संध्याकाळी. मेहकरहून चिखली, चिखलीहून धाड आणि पुढे जीप मिळाली तर माझं माहेर. शाळा सुटल्यावर निघाले तर मी टोमणे मारायला पोचेपर्यंत सगळं गाव झोपलेलं असणार, आणि सकाळच्या प्रार्थनेला मी शाळेत हजर कशी राहणार, याचा कुणी विचारच केला नव्हता. माझ्या नवऱ्याने तो कागद दोनदा वाचला, चष्मा काढला आणि म्हणाला, “रोज जात होतीस, मग इथल्या पोळ्या कोण करत होतं?” त्याला गंमत सुचत होती. माझी तळपायाची आग मस्तकात गेली होती. बाकीचं राहू द्या, शिवीगाळ? मी शिव्या देत नाही. मी बोलते. दोन्हीत फरक आहे आणि तो माझ्या ओळखीच्या सगळ्यांना ठाऊक आहे. त्या दिवसापासून मी भावजयीशी बोलणं टाकलं.

हे हसण्यावारी गेलं असतं, पण नेमकी तेव्हाच माझ्या मुलीला दिवस राहिले. ती मस्कतला असते. जावई तिथे एसी दुरुस्तीच्या कामावर आहे. आधी एकदा पोटातलं गेलं होतं, म्हणून तिथल्या डॉक्टरांनी तिला विमानात बसू नको असं बजावलं. नाहीतर पहिलं बाळंतपण माझ्याकडेच व्हायचं. तिला सासू नाही. ती फोनवर दुसरं काही बोलतच नसे. “आई, तू येशील ना?” मी म्हणायची, येणार म्हणजे काय, मी नाही येणार तर कोण येणार. आणि आयुष्यात पहिल्यांदा पासपोर्टचा अर्ज भरला.

पासपोर्टच्या चौकशीला पोलीस जमादार घरी आले. चहा घेतला, पोहे घेतले, पोह्यांची तारीफ केली, शेजाऱ्यांना माझ्याबद्दल विचारलं. मग पायात बूट घालता घालता जरा ओशाळून म्हणाले, “मॅडम, बाकी सगळं ठीक आहे. पण तुमच्यावर गुन्हा दाखल हाय ना.”

पोह्यांचा काही उपयोग झाला नाही. केस संपवा किंवा कोर्टाची परवानगी आणा, असं सांगण्यात आलं. आमच्या वकीलसाहेबांनी परवानगीचा अर्ज टाकला. त्यावर तारीख पडली. त्या तारखेला पुढची तारीख पडली. मुलीचे महिने मात्र कुणासाठी पुढे ढकलले जात नव्हते, आणि माझा जीव टांगणीला लागला.

इकडे गंमत अशी की ज्यांचं भांडण होतं त्यांचं कधीच मिटलं होतं. बायको गेल्यावर भावाची ऐट पंधरवडाभर टिकली. आईने गुडघ्यांवर हात ठेवून सांगितलं, “माझ्यानं तुझा सैपाक होत नाही. तुला मीठ कळतं ना, तूच घाल.” तो स्वतः रांधू लागला आणि स्वतःच्या हातचं खाऊन वाळू लागला. मग या गृहस्थाने धाडचा बाजार सोडला आणि आपली वांगी जीपमध्ये घालून बायकोच्या माहेरच्या बाजाराला न्यायला लागला. तिथे कुणी त्याला वांगी मागितली नव्हती. सासू यायची, एकेक वांगं उचलून पाहायची, “किडकं हाय” म्हणायची आणि ठेवून द्यायची. तो मान खाली घालून दुसरं पुढे करायचा. आठवड्यामागून आठवडे त्याने सासूकडून आपल्या मालाला नावं ठेवून घेतली. जेवणाला नावं ठेवणाऱ्याला अशीच शिक्षा हवी होती, असं माझं मत आहे.

शेवटी एका बाजारी ती स्वतः आली. तराजूसमोर उभी राहून त्याला वरपासून खालपर्यंत बघितलं. “काऊन असे वाळून राह्यले? जेवत नाही का?”

“जेवतो,” तो म्हणाला. “मीठ जास्त पडतं.”

तिने अट घातली की तिच्या वडिलांची माफी मागायची आणि ती इथेच, बाजारात मागायची. त्याने भर बाजारात सासऱ्याच्या पायांवर डोकं ठेवलं. तिच्या वडिलांना इतकं अवघडल्यासारखं झालं की त्यांनी उरलेली सगळी वांगी घेतली.

ती नांदायला परत आली. आम्हाला वाटलं, संपलं. दोघं मिळून ठाण्यात गेली. त्या ठाण्याचं नाव मी घेत नाही, तिथल्या लोकांची आणि माझी अजून गाठ पडायची आहे. तिने सरळ सांगितलं, “साहेब, आमचं मिटलं. तक्रार वापस घ्याची हाय.” साहेबांनी समजावलं की बाई, आता फिर्याद तुमची राहिली नाही, सरकारची झाली, आणि हा गुन्हा असा मागे घेता येत नाही. ती घरी आल्यावर आईला म्हणाली, “मी भांडली माह्या नवऱ्याशी. मंग सरकार काऊन मधात येऊन राह्यलं?”

त्यानंतरच्या तारखा पाहण्यासारख्या होत्या. आरोपी क्रमांक एक मोटरसायकल चालवायचा आणि फिर्यादी मागे बसायची, मांडीवर डबा. कोर्टाच्या आवारात शिरल्यावर ती सरकारच्या बाजूला आणि तो आमच्या बाजूला. पुकारा झाला की बाबांना ऐकू जायचं नाही. मग फिर्यादी तिकडून उठून यायची, आरोपी क्रमांक तीनला हाताला धरून उभं करायची, टोपी नीट करायची आणि परत आपल्या जागी जाऊन बसायची. पुढची तारीख घेऊन सगळे बाहेर लिंबाखाली एका डब्यातून जेवायचे. मी माझा डबा वेगळा आणायची. माझा राग गेला नव्हता. दोघांचं मिटलं असेल, मला शिवीगाळ करणारी ठरवलं होतं ते तसंच होतं.

उलगडा झाला तो दिवाळीत. मी माहेरी गेले होते आणि ओट्यावर बसून होते, अर्थात गप्प. माझ्या स्वभावाला गप्प बसणं सोसत नाही, ते मला आणि इतरांनाही जड जात होतं. भावजय पलीकडे कोथिंबिरीच्या जुड्या बांधत होती. तिच्या आईचा फोन आला. ती मान वाकडी करून फोन खांद्याशी धरून बोलायला लागली, “हाव माय, आता सुधारलं सगळं. लवकर येते. जेवणाले नावं ठेवत नाही. माह्याशी नीट बोलते.”

मी उसळले. “मी कधी गं नावं ठेवली तुझ्या जेवणाला? आणि मी लवकर येते म्हणजे? मी आखाजीनंतर आज आले.”

तिने फोन बाजूला घेतला आणि मोठ्या डोळ्यांनी माझ्याकडे बघितलं. “ताई, तुमचं नाही. यांचं सांगून राह्यली मी.”

मराठीची मास्तरीण असून हे आधी माझ्या ध्यानात आलं नाही, याचं मला अजून नवल वाटतं. आमची धाडकडची बोली जालन्याकडे झुकलेली. आम्ही ‘तो येतो’ म्हणतो. तिच्या माहेरी, अस्सल वऱ्हाडात, बाई तर येतेच, पण गडी माणूसही येते. तो येते, तो जाते, तो खाते, तो मारते. त्यात ती नवऱ्याचं नाव घेणार नाही. एरवी ‘ते’ म्हणते, पण राग आल्यावर अहो-जाहो कोण करतं? म्हणून ठाण्यात तिने नाव सोडून सगळं सांगितलं होतं. रोज संध्याकाळी येते, जेवणाले नावं ठेवते, शिव्या देते. आणि लिहून घेणारे होते नुकतेच कोल्हापूरकडून बदलून आलेले. त्यांच्याकडे ‘येते’ म्हटल्यावर बाईच येते.

“त्यांनी इचारलं, कोण, सासू का?” ती आठवून सांगायला लागली. “मी म्हणली, सासूचे गुडघे दुखतेत जी, त्या काय करतीन. मंग म्हणे, नणंद हाय का? मी म्हणली, हाव, हाय, मेहकरले. त्यांनी लिवलं. सासू-सासऱ्याचं नाव तं टाकाच लागते म्हणे.”

विचारलं तेवढ्याचं तिने खरं उत्तर दिलं होतं. ‘येतो’ आणि ‘येते’ यांत एका कान्याचा फरक. त्या एका कान्यापायी मी आरोपी क्रमांक चार झाले होते. मी पोरांचे कान्यासाठी गुण कापते तेव्हा पालक येऊन भांडतात की मॅडम, एवढ्याने काय होतं. आता त्यांना काय उत्तर द्यायचं ते मला कळलं होतं. आम्ही दोघी त्या कोथिंबिरीच्या ढिगात बसून डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसलो. बाबा कोण आलं म्हणून बाहेर येऊन बघून गेले.

मी दुसऱ्याच दिवशी वकीलसाहेबांना गाठून वऱ्हाडी क्रियापदं समजावून सांगितली. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. ते स्वतः शेगावकडचे होते आणि घरी तेही ‘तो येते’च म्हणत असणार. म्हणाले, “मॅडम, तुमचं खरं आहे. पण व्याकरणावर गुन्हा रद्द होत नाही.”

रद्द होतो तो तडजोडीवर, आणि तोही नागपूरला, हायकोर्टात. दोन्हीकडचं मिटलं आहे आणि फिर्यादीची हरकत नाही, अशी न्यायमूर्तींची खात्री पटली तर ते केस तिथेच संपवू शकतात. मी म्हटलं, “पण मी तडजोड कशाची करू? मी भांडलेच नाही.” ते म्हणाले, “तुम्हाला मस्कतला जायचंय का बरोबर ठरायचंय?” मी मूग गिळून सही केली. मुलीला सातवा लागला होता.

नागपूरला खरं तर फिर्यादीने आणि भावाने गेलं तरी चाललं असतं. पण आमच्याकडे कुठे एकटं-दुकटं जायची पद्धत नाही. एक मोठी गाडी केली. मेहकरला मला घेतलं आणि समृद्धी महामार्गावरून निघालो. चार आरोपी, एक फिर्यादी आणि पुढे ड्रायव्हरजवळ आईची चिवड्याची पिशवी. हायकोर्टाच्या व्हरांड्यात आमच्या नागपूरच्या वकीलबाई भेटल्या. एवढा गोतावळा बघून त्या दचकल्या. त्यांनी भावजयीला पुन्हा पुन्हा बजावलं, “विचारतील तेवढंच बोला. जास्त एक शब्द नाही.” मला धडकी भरली. विचारलं तेवढंच बोलून तिने आधी काय करून ठेवलं होतं ते मला ठाऊक होतं. इतक्यात बाबांनी इकडे तिकडे बघून, ऐकू न येणारी माणसं बोलतात तेवढ्या मोठ्याने, आईला विचारलं, “नवरी कुठंय?” काळ्या कोटातली निम्मी माणसं वळली. आईने त्यांना बाहेर बाकावर नेऊन बसवलं.

आमचा नंबर आला. समोर दोन न्यायमूर्ती. काही वेळ इंग्रजीत बोलणं झालं. मग त्यांतल्या एकांनी भावजयीला पुढे बोलावलं आणि स्वच्छ पुणेरी मराठीत विचारलं, “तुमच्यावर कुणी दबाव आणलाय का?”

“नाही जी.”

“राहता कुठे?”

“घरीच. नांदते.”

“आता वागणूक कशी आहे?”

तिने पदर सावरला. “चांगली हाय जी. लवकर येते, नीट बोलते, भाजी बी चिरून देते.”

त्यांनी समोरचं पान उलटलं. बोट एका ओळीवर ठेवलं. “म्हणजे ही नणंद अजूनही रोज येते?”

माझ्या डोळ्यांपुढे मस्कतचा दवाखाना आला, तिथली एकटी खाट आली. वकीलबाई बोलायला गेल्या, तर न्यायमूर्तींनी हातानेच त्यांना थांबवलं. भावजयीने मागे वळून माझ्याकडे बघितलं आणि एकदम तिच्या लक्षात आलं.

“ताई नाही जी,” ती घाईने म्हणाली. “ताई तं मेहकरले राहते. मी यांचं सांगून राह्यली.” अंगठा भावाकडे. “आमच्याकडे बाई बी येते आन गडी माणूस बी येते.”

दुसरे न्यायमूर्ती आमच्याच मुलखातले असावेत, कारण त्यांच्या ओठांवर हसू आलं. ते शेजारी झुकून काहीतरी बोलले. पहिल्यांनी ती ओळ पुन्हा वाचली, माझ्याकडे चष्म्यावरून पाहिलं. मग तिला विचारलं, “मग या नणंदेने तुम्हाला काय केलं?”

ती विचारात पडली. काही नाही, एवढे दोन शब्द पुरे होते. मी मनातल्या मनात ते तिला सांगत होते.

“टोमणे मारते जी,” ती म्हणाली.

वकीलबाईंनी डोळे मिटले.

“पण यांनाच मारते,” ती पुढे म्हणाली. “ताट फेकलं तवापासून. हप्त्याच्या हप्त्याले फोन करून मारते. माह्यासाठी. माह्याशी बोलत नव्हती तवा बी मारत होती, ते मले यांनीच सांगतलं.”

भाऊ मान खाली घालून उभा होता, बाजारात वांगी पुढे करायचा तसा. मला एकदम भरून आलं. इतक्या तारखांना मी वेगळा डबा आणला, दिवाळीत त्या ओट्यावर तोंड फिरवून बसले, आणि ही पोरगी माझे टोमणे स्वतःच्या बाजूने मोजत होती. मला ती तेव्हा फार आवडली, आणि कोर्टात उभी नसते तर तिला जवळ घेतलं असतं.

पुढचं पुन्हा इंग्रजीत झालं. वकीलबाई वळून म्हणाल्या, “झालं. गुन्हा रद्द.” मी विचारलं, माझ्याबद्दल काय लिहिलं? त्या म्हणाल्या, दोन्ही पक्षांत तडजोड झाल्यामुळे रद्द. मी म्हटलं, आणि तो काना? त्यांनी विचारलं, कसला काना? पुढची केस पुकारली गेली आणि आम्हाला बाहेर यावं लागलं. त्या कान्याचं मला आजही लागतं. मी निर्दोष असल्याचं कुठेच लिहिलेलं नाही, आणि एखाद्या दिवशी मी त्याबद्दल अर्ज करणार आहे, नवरा काहीही म्हणो.

व्हरांड्यात आई बाबांच्या कानाशी ओरडून सांगत होती की संपलं, आता सुटलो. बाबांनी विचारलं, “जेवण कुठं ठेवलंय?”

तेवढ्यात माझा फोन वाजला. मस्कत. मुलीला आजची तारीख माहीत होती, ती सकाळपासून फोन हातात घेऊन बसली असणार. मी फोन कानाला लावला. एरवी तासाचा तास न थांबता शिकवणारी मी, नुसती हुंदके देत उभी. तिकडून ती घाबरून “आई, आई” करायला लागली. भावजयीने फोन माझ्या हातातून काढून घेतला.

“येते,” ती म्हणाली.

पलीकडून माझ्या मुलीचा रडवेला आवाज मलाही ऐकू आला. “मामी? कोण येते?”

“कोण म्हंजे? तुही माय येते.”